ठमाईचे अर्जुन

उडणी नदीवर पूल नव्हता आणि वाकशेत गावाला अजून नदीची भीती वाटत नव्हती, त्या काळातली ही हकिकत. फार वर्षं झाली. किती, ते मला विचारू नका. मला जिनं सांगितली तिला माहीत नव्हतं, आणि तिला जिनं सांगितली तिला तर त्याची पर्वाच नव्हती.

पण आधी मला एक सांगा. ऐन आणि किंजळ यांतला फरक तुमच्यापैकी कुणाला येतो? आणि अर्जुन कुणी ओळखेल? नाही ना? सगळ्याला आपलं ‘झाड’ म्हणून मोकळे. तुम्हाला कुणी नुसतं ‘ए माणूस’ म्हणून हाक मारली तर तुम्ही ओ द्याल का? ही तिन्ही झाडं एका कुळातली भावंडं आहेत. म्हणून काय सारखी झाली? ऐन डोंगराचा, किंजळ उताराची, आणि अर्जुन पाण्याकाठचा. वाकशेतात हे वेळेवर कळलं नाही आणि त्यातून काय काय झालं ते आता ऐका. चुळबुळ जरा कमी करा. या गोष्टीत चुळबुळ करायचा मान एकटीचाच आहे.

तिचं नाव ठमा. घाटमाथ्यावरच्या एका वाडीतून लग्न होऊन ती खाली वाकशेतात आली. नवरा धाकू हळू बोलणारा, हळू जेवणारा. सासू साळूबाय त्याच्याहून संथ. ती ओट्यावर एकदा बसली की कोंबड्यासुद्धा तिला वळसा घालून जात. आणि या घरात ही ठमा. पायाला भिंगरी. भात शिजत टाकला की तेवढ्यात विहिरीवर, विहिरीवरून गोठ्यात, गोठ्यातून शेजारी, आणि भात करपायच्या आत परत. जेवायची उभ्यानं. साळूबाय म्हणायची, “हिला बसायला पाट दिला तर पाट चालाया लागंल.” धाकू यावर हसायचा. त्याला बायकोचं ते भिरभिरणं आवडायचं, असं म्हणतात.

उडणी नदी गावाजवळ येऊन वळते. त्या वळणाच्या पोटात वाकशेत. आधी नदी दूर होती. मग एका पावसात तिनं काठावरचं एक शेत नेलं. पुढच्या पावसात खळं नेलं. लोक म्हणाले, नदी आहे, नेणारच. पण जेव्हा तिनं चिंचेखालची बसायची जागा नेली तेव्हा लोकांना लागलं. गावच्या मानकऱ्याला गावकर म्हणत. तेव्हा सोमा गावकर होता. त्यानं गाव गोळा केलं आणि सांगितलं, “काठावर अर्जुन लावायचे. अर्जुनाची मुळं माती सोडत नायत.”

बरोबरच सांगितलं त्यानं. पण पुढं चूक झाली, आणि ती वाकशेतसारख्या गावातच होऊ शकते. त्या गावची माणसं झाड ओळखत ती सालीवरून. ऐनाची साल भेगाळलेली, चौकोनी खवल्यांची, मगरीच्या पाठीसारखी. अर्जुनाची साल गोरी, गुळगुळीत, पापुद्रे सुटणारी. किंजळीची या दोन्हींच्या मधली. डोळे मिटून हात फिरवला तरी सांगायचे. का? तर भाताची रोपं करण्याआधी तिकडे जमीन भाजतात. त्यासाठी झाडावर चढून पानांच्या फांद्या छाटायच्या, त्याला कवळ तोडणं म्हणतात. जन्मभर ज्या खोडाला मिठी मारून चढायचं, ते खोड ओळखीचं होणारच. पण रोपाला कुठली आलीय साल? वीतभर रोप. हिरवी काडी आणि चार पानं. तिथं सगळी भावंडं सारखीच दिसतात.

सोमा गावकरानं रोपं आणायला सांगितली आणि सगळ्यांच्या आधी ठमा डोंगरात पळाली. इतर बायका एक टोपली भरेपर्यंत हिच्या चार झाल्या. अर्जुन पाण्याकाठी असतो हे तिला माहीत होतं, पण पाणघळ, म्हणजे नदीच्या उगमाकडची ओली घळ, लांब होती आणि उतारावर तर रोपांचा नुसता गालिचा होता. पानं तशीच लांबट. ती हसत म्हणाली, “हीच ती,” आणि उपटत सुटली. काठ भरून तिचीच रोपं लागली. ती भराभर वाढली, हिरवीगार झाली. लोकांनी ठमाचं कौतुक केलं आणि नदीकडं बघायचं सोडून दिलं.

मग एका श्रावणात उडणी फुगली. धाकू काठावर बांधलेले बैल सोडवायला गेला. बैल सुटले. धाकू दावं गुंडाळत होता, हळू, त्याच्या सवयीनं. आणि तेवढ्यात काठ गेला. झाडं, माती, धाकू, सगळं एका दमात गेलं. झाडं पुढं वाळूत अडकली. धाकू सापडला नाही.

पाणी उतरल्यावर ठमा त्या वाळूत गेली. आडव्या पडलेल्या झाडांची पानं तिनं उलटी करून पाहिली. पानाच्या पाठीवर, मधल्या शिरेजवळ, बारीक गाठी. हा ऐन. दुसऱ्या झाडाची कोवळी साल तांबूस, पानाखाली तांबडी लव. ही किंजळ. एकेक करत ती शेवटच्या झाडापर्यंत गेली. त्यांत अर्जुन एकही नव्हता. ती सगळी तिच्या हातानं आणलेली होती.

तिला किती दुःख झालं ते मी सांगत नाही. सांगता येणार नाही. आधी ती चपळ होती, त्या दिवसापासून ती बेचैन झाली. यात फार फरक आहे. ती घरात टिकेना, शेतात टिकेना, देवळात टिकेना. साळूबाय तिच्याशी बोलेनाशी झाली. दोघी एका चुलीवर जेवत, पण एक भिंतीकडं तोंड करून आणि एक दारात उभी राहून.

दिवाळीनंतर सोमा गावकरानं पुन्हा गाव गोळा केलं. तो म्हणाला, “आता ऱ्हाण्यात अर्थ नाय. वर सड्यावर जाऊ. गाव उठवू.” वर सडा म्हणजे काळा कातळ. पाणी नाही, माती नाही. पण जीव तरी राहील. तेव्हा ठमा मधे उभी राहिली. बायका अशा बैठकीत बोलत नसत. ती बोलली.

“तुमी जा. माजा घोव हितंच हाय, या पाण्यात. मी खंय जाऊ?”

सोमा गावकर वाईट माणूस नव्हता. त्यानं भगवतीच्या देवळाकडं पाहिलं. देऊळ तेव्हा काठापासून थोडंसंच आत उरलं होतं. तो म्हणाला, “देवळाची पायरी उभी हाय तंवर गाव उभं. पायरीखालची माती गेली, की देवी उचलायची नि चालू पडायचं. मग कुणाचं आयकनार नाय.” एवढंच तिला मिळालं. नदी आणि पायरी यांच्या मधे जी काही माती होती, तेवढाच तिचा वेळ.

आता ठमा डोंगरात गेली ती वेगळ्या डोळ्यांनी गेली. पुन्हा रोप बघून फसायचं नाही, म्हणून तिनं झाड शोधलं, झाडाखालचं फळ उचललं, आणि फळावरून सुरुवात केली. ऐनाच्या फळाला रुंद, पातळ पंख; वाऱ्यावर उडणारे. किंजळीच्या फळाला एक पंख मोठा आणि दोन कसेबसे. फळं लागली की झाडच तांबडं दिसतं. आणि अर्जुनाचं फळ? ते मात्र मिळेना. गावाजवळच्या प्रत्येक झाडाचा कवळ दरवर्षी तुटायचा. फांदीच राहिली नाही तर फळ कुठून धरणार?

म्हणून ती नदीच्या उगमाकडं चालत राहिली. दगडांवरून, डोहांच्या कडेनं, जिथं कोयता घेऊन कुणी चढू शकत नाही अशा पाणघळीपर्यंत. असं म्हणतात की ती इतकं चालली की तिच्या पावलांनी कातळावर पायवाट पडली. असं म्हणतात की ती झोपायचीही उभ्यानं, झाडाला पाठ लावून, आणि पहाटे उठल्यावर त्या झाडाचं नाव तिला ठाऊक असायचं. पानांतून वारा गेला की ती लांबून सांगायची, हा ऐन बोलला, ही किंजळ बोलली. पाणघळीत तिला एक वेगळाच आवाज ऐकू आला, खाली पाण्याकडं वाकून बोलल्यासारखा. तिथं गोऱ्या खोडांचे अर्जुन उभे होते, अर्धी मुळं पाण्यात. खाली फळं पडली होती. कडक, अरुंद पंखांची, उडायला जड. ती वाऱ्यानं जात नाहीत, पाण्यानं जातात. ठमानं ओटी भरून घेतली आणि धावत सुटली.

घरामागं तिनं वाफा केला, फळं पाण्यात भिजवली, पेरली. आणि इथं तिची खरी फजिती झाली. अर्जुनाचं बी सावकाश उगवतं. आठवडा गेला, काही नाही. पंधरवडा गेला, काही नाही. ठमाला धीर कुठला? ती रोज सकाळी एक बी उकरून बघायची. दुपारी दुसरं. मोड दिसला की आनंदानं ओरडायची, परत पुरायची, आणि संध्याकाळी तेच पुन्हा उकरायची. शेजारीण म्हणाली, “अगो, तू बी लावलंस का लपवलंस?” लोक हसले. मोड सगळे मेले. त्या पावसात नदीनं देवळापुढचं अंगण थोडं खाल्लं.

दुसऱ्या वर्षी ती पुन्हा पाणघळीत गेली, पुन्हा फळं आणली, पुन्हा पेरली. आणि पुन्हा तिचे हात शिवशिवायला लागले. एका सकाळी ती वाफ्याशी वाकली, तर मागून आवाज आला.

“हात काढ.”

साळूबाय. इतक्या दिवसांत तिनं सुनेशी काढलेला हा पहिला शब्द. ती पाट घेऊन आली होती. वाफ्याजवळ तिनं पाट टाकला आणि बसली. म्हणाली, “तुला बसाया येत नाय. मला उठाया येत नाय. तू बी आण. मी बघतो त्याच्याकडं.” तिकडच्या बायका स्वतःबद्दल ‘मी बघतो’च म्हणतात, तेव्हा हसू नका.

आणि खरंच, साळूबाय बसली. ऊन आलं, बसली. सरी आल्या, डोक्यावर इरलं घेऊन बसली. कोंबड्या हाकलायची, तण काढायची, आणि बाकी काहीच करायची नाही. असं म्हणतात की तिचं ते बसणं बघून मातीला लाज वाटली आणि अंकुर वर आले. एकेक करून सगळा वाफा हिरवा झाला. ठमा लांबून फेऱ्या मारायची आणि विचारायची, “आलं का?” साळूबाय म्हणायची, “आलं. तू जा.” त्या दोघींचं प्रेम जमलं असं मी म्हणणार नाही. दोघींचं माणूस एकच गेलं होतं आणि वाफा एकच होता, एवढं खरं.

रोपं कमरेएवढी झाली तेव्हा लावायची वेळ आली. पण ठमा आता शहाणी झाली होती. नुसते अर्जुन लावले तर दोन वर्षांत लोक कोयते घेऊन त्यांच्यावर चढतील, हे तिला दिसत होतं. जमीन भाजायला कवळ तर लागणारच. म्हणून तिनं ऐनाचीही रोपं केली होती, किंजळीचीही. ऐन शेतांच्या वरच्या बांधाला, कवळासाठी. किंजळ उतारावर, जिथून दगड घरंगळतात तिथं. आणि अर्जुन काठाला. प्रत्येक घराला तिनं कवळाचे ऐन दिले आणि काठावरचा एक अर्जुन दिला. ज्याचा त्यानं राखायचा. रोप हातात देण्याआधी ती विचारायची, “ह्ये काय हाय, सांग.” ज्याला सांगता येत नसे त्याला ती परत पाठवायची. सोमा गावकर स्वतः दोनदा परत गेला. तिसऱ्यांदा त्यानं पान उलटं केलं, गाठी ऐनासारख्या शिरेवर नाहीत, देठाच्या टोकाशी आहेत, हे बोटानं चाचपलं आणि म्हणाला, “अर्जुन.” तेव्हा कुठं त्याला रोप मिळालं. गावकर मनातून रागावला असणार, पण झाड मात्र त्यानं चांगलं राखलं.

वर्षं गेली. नदी रोज थोडी जवळ येत होती आणि झाडांची मुळं रोज थोडी खाली जात होती. ठमाच्या डोक्यात दुसरं काही नव्हतं. ती काठावरून वर आणि खाली, वर आणि खाली, प्रत्येक खोडाला हात लावत चालायची. लोक म्हणायचे, “आता बस गो बाय, झाडं लागली.” ती म्हणायची, “लागली का ते नदी सांगंल.”

आणि नदी सांगायला यायची ती आलीच. भादव्याच्या तोंडाला वरच्या डोंगरात असा पाऊस कोसळला की सकाळीच उजेड गेला. उडणी तांबडी होऊन आली. तिच्याबरोबर ओंडके आले, गवताची छपरं आली, कुणाच्या तरी गोठ्याचं दार आलं. दुपारपर्यंत काठ दिसेनासा झाला. अर्जुनांचे नुसते शेंडे हलताना दिसत होते. मग पाणी देवळाच्या पायरीला लागलं आणि पायरी पाण्याखाली गेली.

सोमा गावकर म्हणाला, “झालं. माती गेली. देवी उचला.” पालखी आणली. नारळ फुटला. लोकांनी पोरं काखोटीला मारली, गुरं सोडली. तेव्हा साळूबाय उठली. जिला कुणी उठताना पाहिलं नव्हतं ती म्हातारी त्या पाण्यात शिरली आणि जिथं पायरी होती तिथं जाऊन बसली. पाणी तिच्या छातीला लागलं. ती ओरडली, “पायरी हाय! माज्या बुडाखाली हाय! गेली तं मी सांगन नायतं माजं मढं सांगल!”

लोक थांबले. काय करणार? म्हातारीला टाकून देवी घेऊन कसं जायचं?

आणि ठमा कुठं होती? ठमा काठावर होती. पाण्यात. जे वर उभे होते त्यांनी जे सांगितलं ते मी सांगतो. पटवून घ्यायचं तर घ्या. एकानं तिला वरच्या टोकाच्या अर्जुनाला मिठी मारलेलं पाहिलं. त्याच वेळी दुसऱ्यानं तिला खालच्या टोकाला पाहिलं. तिसऱ्यानं मधे पाहिलं, तोंडानं काहीतरी पुटपुटत, झाडाच्या बुंध्याशी पायानं माती दाबताना. ती धावत होती. वाहत्या पाण्यात, जिथं म्हैस उभी राहत नाही तिथं, ती झाडामागून झाड धरत धावत होती. असं म्हणतात की तिचा हात लागला की ते झाड एकदा थरथरायचं आणि मग हलायचं थांबायचं.

संध्याकाळच्या आत पाणी उतरलं. आधी साळूबायचे खांदे दिसले, मग गुडघे, मग पायरी. पायरीखाली माती होती. काठावर चिखलानं माखलेली अर्जुनांची रांग उभी होती आणि तिच्या मुळांत वरच्या गावांचा सगळा कचरा अडकला होता. माती हातभरही सरकली नव्हती. लोक रडले, हसले, त्यांनी एकमेकांना कवटाळलं. सोमा गावकरानं देवी परत जागेवर बसवली. मग तो म्हणाला, “ठमाला बोलवा.”

ठमा मिळाली नाही. वाळूत शोधलं, खालच्या डोहात शोधलं, ओंडक्यांखाली शोधलं. रांगेत प्रत्येक खोडामागं पाहिलं. शोधता शोधता कुणाच्या तरी लक्षात आलं की रांग जरा दाट वाटते. गावकर म्हणाला, “ज्यानं त्यानं आपापल्या झाडाशी उभं ऱ्हा.” खोडं चिखलानं माखलेली, पण स्वतः राखलेलं झाड कोण विसरेल? प्रत्येक घरचं माणूस आपापल्या अर्जुनाशी जाऊन उभं राहिलं. आणि एक झाड उरलं. त्याच्याशी कुणीच नव्हतं.

सगळे तिकडं धावले. मग कुणीतरी म्हणालं, नाही नाही, हे तर आमचं. पुन्हा सगळे आपापल्या जागी गेले. पुन्हा एक झाड उरलं. पण ते दुसरंच होतं, पार खालच्या टोकाचं. तिसऱ्यांदा पाहिलं तर आणखी तिसरंच. मग मात्र लोकांनी शोधणं सोडलं. जिनं गावाला पानाच्या पाठीवरून झाड ओळखायला शिकवलं, ती आता त्या रांगेतलं कुठलं झाड आहे, ते गावाला ओळखता येईना.

तेव्हा साळूबाय ओल्या लुगड्यानं पुढं आली. तिनं त्या क्षणाला जे झाड उरलं होतं त्याला हात लावला. लेक गेला तेव्हा ती रडली नव्हती, असं म्हणतात. तेव्हा रडली, आणि झाडाशी एकच वाक्य बोलली.

आजही वाकशेतात काठावरच्या अर्जुनांना कुणी कोयता लावत नाही. त्यांतली ठमाई कुठली ते माहीत नाही, म्हणून सगळ्यांनाच जपतात. तिथं नवी सून आली की हळद उतरायच्या आत तिला सुपात तीन पानं देतात आणि ओळखायला सांगतात. चुकली तर कुणी हसत नाही. सासू तिला डोंगरात घेऊन जाते, आणि सासूच चुकली तर दोघी जातात. भादव्यात पूर ओसरला की घरटी एक माणूस आपापल्या झाडाशी जाऊन उभं राहतं. दरवर्षी एक झाड उरतं, आणि दरवर्षी ते वेगळं असतं. गावातली सगळ्यांत म्हातारी सासू तांदळाची भाकरी घेऊन त्या झाडापाशी जाते, भाकरी मुळाशी ठेवते आणि खोडाला हात लावून साळूबाय तेव्हा बोलली तेच बोलते.

“ठमे, आसशील थंय ऱ्हा गो.”

मग लोक घरी जातात.